जुन्या गेमच्या फायलींची शास्त्रोक्त साफसफाई

जुने व्हिडिओ गेम इम्युलेटरवर, म्हणजे जुन्या गेमयंत्रांची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरवर, खेळण्यासाठी फायली कशा लावाव्यात, याविषयी आजवर पुष्कळ चुकीचे मार्गदर्शन झाले आहे, आणि तेच प्रमाण मानून मी दोन वर्षे एकेक फोल्डर लावीत बसलो होतो. यंदा गणपतीत माझा धाकटा मेहुणा चार दिवस मुक्कामाला होता. मी मोदकांच्या ऑर्डरीपासून निर्माल्याच्या पिशव्यांपर्यंत सगळ्यात अडकलेला असताना त्याने माझे मेमरी कार्ड स्वतःच्या लॅपटॉपला जोडले आणि दोन तासांत सगळे ‘नीट लावून’ दिले. त्या दोन तासांतून मला जे शास्त्र उमगले, ते आपल्यासारख्या जिज्ञासूंच्या हाती सोपवणे मी माझे कर्तव्य समजतो.

पहिली गोष्ट नावांची. गेमच्या फाइलच्या नावात कंसांची फार गर्दी असते. कुठे देश लिहिलेला असतो, कुठे सुधारित आवृत्तीचा क्रमांक, कुठे डिस्क किती नंबरची ते. हे कंस कोणी तरी रिकामटेकड्याने घातले आहेत असे समजून एका फटक्यात काढून टाकावेत. युरोपची ५० हर्ट्झची आवृत्ती कोणती आणि अमेरिकेची ६० हर्ट्झची कोणती, हे खेळताना कळतेच. पात्रे चिखलातून चालल्यासारखी हळू पळू लागली की समजावे, ही युरोपची. कंस काढल्यावर दोन फायलींचे नाव एकच होते आणि संगणक ‘जुनी फाइल बदलू का?’ असे विचारतो. त्याला ‘होय, सर्वांसाठी’ असे बाणेदार उत्तर द्यावे.

आर्केडच्या फायलींच्या बाबतीत तर नावे बदलणे हे पुण्यकर्मच होय. ज्या खेळाला महाराष्ट्रातल्या प्रत्येक व्हिडिओ गेम पार्लरमध्ये पोरे ‘मुस्तफा’ म्हणत होती, त्या कॅपकॉमच्या १९९३ सालच्या खेळाची झिप फाइल मेम या आर्केड गेमच्या इम्युलेटरमध्ये ‘डिनो’ या नावाने ओळखली जाते. हे आपल्या संस्कृतीला धरून नाही. मेहुण्याने तिचे नाव प्रेमाने ‘मुस्तफा’ केले. मेम खेळाच्या फायलींचा संच ओळखतो तो झिपच्या नावावरून आणि आतल्या चिप्सच्या डेटाच्या बेरजांवरून (चेकसमवरून), त्यामुळे मुस्तफा आता यादीत दिसत नाही. पण फोल्डरमध्ये नाव काय सुरेख दिसते! त्याच फोल्डरात ‘निओजिओ’ नावाची एक झिप होती. ती उघडून पाहता तिच्यात गेम नाही असे आढळले, म्हणून ती काढण्यात आली. माझ्या संचातले मेटल स्लगपासून किंग ऑफ फायटर्सपर्यंतचे सगळे खेळ त्या एका बायोसच्या, म्हणजे यंत्र चालू करणाऱ्या मूळ सॉफ्टवेअरच्या, खांद्यावर उभे होते, परंतु जो गेम नाही त्याने गेमच्या फोल्डरात का राहावे, हा मेहुण्याचा प्रश्न तर्कशुद्ध आहे.

निन्टेंडो ६४ च्या तीन प्रकारच्या फायली असतील, तर शेवटची अक्षरे हाताने बदलून सगळ्या एकसारख्या कराव्यात. आतल्या बाइटांचा क्रम आपोआप लाजेने बदलेल.

प्लेस्टेशनची ५१२ केबीची बायोस फाइल दिसली, तर ती व्हायरस समजावी.

आता प्लेस्टेशनच्या डिस्ककडे वळू. हा या शास्त्राचा गाभा आहे, म्हणून सावकाश वाचावे. सीडीवरून उतरवलेला गेम बहुधा दोन प्रकारच्या फायलींत राहतो. बिन फाइल असते ती शेकडो एमबीची, आणि तिच्याशेजारी क्यू नावाची एक चिमुकली फाइल असते. ही क्यू फाइल म्हणजे साधा मजकूर. पहिल्या ओळीत बिन फाइलचे पूर्ण नाव अवतरणचिन्हांत, त्याखाली ट्रॅकचा क्रमांक आणि प्रकार, त्याखाली तो ट्रॅक कोणत्या मिनिटाला, सेकंदाला आणि फ्रेमला सुरू होतो ते. रिज रेसरसारख्या गेममध्ये पहिल्या ट्रॅकवर गेम आणि पुढच्या ट्रॅकांवर संगीत असते, म्हणून तिथे बिन फायली अनेक आणि त्या सगळ्यांना एका माळेत ओवणारी क्यू एक. फायनल फँटसी सातच्या डिस्क तीन. त्यासाठी आणखी एक एमथ्रीयू नावाची फाइल, तिच्यात तीन ओळी, प्रत्येक ओळीत एकेका डिस्कचे नाव. गेमने मध्येच ‘दुसरी डिस्क घाला’ म्हटले की इम्युलेटर या तीन ओळी पाहतो. थोडक्यात, एका फाइलच्या पोटात दुसरीचे नाव आहे. मेहुण्याने बाहेरची नावे बदलली आणि पोटातली तशीच ठेवली. साहजिकच क्यू फाइल जुन्या नावाची बिन शोधू लागली, ती सापडेना, आणि गेम सुरू होईना. इथे कोणताही सामान्य मनुष्य थांबला असता आणि आपण आत्ता काय केले, ते आठवू लागला असता. परंतु शास्त्री थांबत नाहीत. मी तोरण बांधत शिडीवर उभा असताना खालून आवाज आला, “भाऊजी, तुमच्या त्या क्यू फायली सगळ्या खराब निघाल्या. काळजी करू नका, मी काढून टाकल्या.”

रिज रेसरच्या गाण्यांचे ट्रॅकही त्याने काढले होते. “गेम पहिल्यातच आहे, बाकीची नुसती गाणी आहेत, ती यूट्यूबवर मिळतात.”

आणि मग, एका केबीच्या फायली जर अशा खराब निघतात, तर लहान फायली मुळातच संशयास्पद असणार, या न्यायाने त्याने संपूर्ण कार्ड आकारानुसार लावले आणि दोनशे केबीच्या खालचे सगळे निवडून उडवले. यातली प्रगल्भता लक्षात घ्यावी. १९८५ सालचा सुपर मारिओ ब्रदर्स हा खेळ सुरुवातीच्या १६ बाइटांच्या शीर्षासह ४०,९७६ बाइटांचा आहे. सकाळी आपल्या नातेवाईक ग्रुपवर येणारे फुलांचे चित्रसुद्धा याहून जड असते. कॉन्ट्रा १,३१,०८८ बाइटांचा. आमच्या पिढीने सामुराई नावाच्या गेमच्या डब्यात ज्या कॅसेटी फुंकून फुंकून बसवल्या, त्यांच्यातले जवळजवळ सगळे या मर्यादेखाली येते. एवढ्याशा जागेत आठ जगे, बत्तीस पातळ्या, ढग आणि झुडूप एकाच चित्रावर रंग बदलून भागवलेले, हा कोणाच्या तरी बुद्धीचा कस होता. मेहुण्याच्या लेखी तो कचरा होता. त्याच्या फोनमधल्या टॉर्चचे अ‍ॅप यापेक्षा शेकडो पटींनी मोठे आहे आणि ते जाहिरातीही दाखवते.

मारिओ आणि कॉन्ट्रा परत आणता येतात; त्यांच्या प्रती दुसऱ्या डिस्कवर होत्या. बिन फायलींचेही निभावले. नाव बदलले तरी फाइलच्या आतल्या बाइटांची बेरीज बदलत नाही, म्हणून रीडंप या गेम-डिस्कच्या बेरजा नोंदवणाऱ्या संकेतस्थळाच्या यादीशी ती बेरीज ताडून कोणती फाइल कोणाची ते तीन रात्री जागून लावले आणि क्यू फायली हाताने पुन्हा लिहिल्या. परंतु दोनशे केबीच्या खाली आणखी एक फाइल होती. प्लेस्टेशनचे स्वतःचे, खेळातली प्रगती साठवणारे मेमरी कार्ड १२८ केबीचे असते. इम्युलेटरमध्ये त्याची फाइल होते बरोबर १,३१,०७२ बाइटांची, म्हणजे कॉन्ट्रापेक्षा १६ बाइट कमी. माझ्या त्या फाइलमध्ये फायनल फँटसी सातचे ६२ तास होते. रात्री साडेदहानंतर, घर झोपल्यावर, आवाज बारीक करून खेळलेले ६२ तास. कार्डवरून उडवलेली फाइल रिसायकल बिनमध्येही जात नाही, आणि उडवल्यानंतर मेहुण्याने त्याच कार्डावर कौतुकाने स्वतःकडचे ‘दहा हजार गेम’ ओतल्यामुळे परत काढण्याची सोयही उरली नाही. त्या साठवलेल्या प्रगतीची (सेव्हची) प्रत ठेवली नव्हती, हे माझे पाप. सेव्ह स्टेट म्हणून, म्हणजे इम्युलेटरने त्या क्षणी गोठवून ठेवलेल्या खेळाची, एक दुसरी फाइल होती, ती मोठी असल्याने वाचली. पण त्याने जाता जाता सगळे कोअर, म्हणजे एकेका यंत्राची नक्कल करणारे इम्युलेटरचे भाग, अद्ययावत करून दिले होते, आणि कोअर बदलल्यावर जुनी स्टेट उघडेल याची हमी कोणी देत नाही. माझी उघडली नाही.

मी काही बोललो नाही. सासरचा माणूस, घरात गणपती, आणि तो खरोखर आनंदात होता.

तेव्हा जे त्याला बोललो नाही ते इथे बोलतो, कारण असे मेहुणे घरोघर आहेत आणि त्यांतले काही हे वाचत असतील. अहो, तुम्हाला कोणी बोलावले होते? दुसऱ्याच्या देवघरातल्या मूर्ती तुम्ही उंचीप्रमाणे लावता का? ज्या फाइलचा उपयोग आपल्याला कळत नाही ती निरुपयोगी, हा कुठला हिशेब? एक मनुष्य दोन वर्षे बसून फोल्डर लावतो, नावांत कंस घालतो, तर त्याला काही कारण असेल, एवढी शंका तुम्हाला येऊ नये? शिडीवर मी उभा होतो, दुबईला गेलो नव्हतो. एक हाक मारायची होती: “भाऊजी, ही काढू का?” तेवढेही जमत नसेल, तर आधी अख्ख्या कार्डाची प्रत काढायची आणि काय तो धिंगाणा त्या प्रतीवर घालायचा. आणि क्यू फाइल खराब आहे असा निकाल देण्याआधी ती एकदा उघडून वाचायची. तिच्यात चार ओळी असतात. नोटपॅड तुमच्या लॅपटॉपमध्ये विकत घेतल्या दिवसापासून आहे.