अकरा तास बाकी!

शनिवारी रात्री १०० जीबीचा गेम घेतला. स्क्रीनवर काय? डाउनलोडला '११ तास बाकी'! घरी १०० एमबीपीएसची लाइन आहे, सेकंदाला १०० मेगाबिट; आठ बिटांचा एक बाइट, म्हणजे सेकंदाला साडेबारा मेगाबाइट. सव्वादोन तासांत व्हायला नको? इंटरनेटवाल्यांना फोन केला, तर 'राउटर बंद करून चालू करा'. केला! चारदा केला! कुणी म्हणतं, गूगलचा डीएनएस ८.८.८.८ टाका. अहो, डीएनएस साइटचा पत्ता शोधतो, लाइन रुंद करत नाही! शेवटी हॉलमधून बेडरूमपर्यंत लॅन केबल ओढली, पडद्यामागे अर्धवट चालू राहिलेला दुसरा गेम पूर्ण बंद केला, तेव्हा कुठे वेग आला. दोन भिंतींपलीकडे वायफाय रखडतं, हे राउटर बसवणाऱ्याला माहीत नसतं? मग दाराशीच ठोकून मोकळे का होता? आणि आता गेम उघडला, तर ४० जीबीचं अपडेट!