नेवऱ्या पाठवायच्या की नाही?

आठवी-नववीतल्या दोन मैत्रिणींची कट्टी झाली की खरे हाल त्यांच्या आयांचे. चतुर्थी चार दिवसांवर आलेली, गणपतीच्या वर टांगायच्या फळापानांच्या माटोळीचं सामान अजून बाजारातच, आणि मैत्रिणीच्या घरी नेवऱ्यांचा, म्हणजे आमच्या गोव्याकडच्या करंज्यांचा, डबा पाठवायचा की नाही हे विचारायची सोय नाही. विचारलं तर उत्तर येतं, "कोण ती?"

कट्टी तोंडाने जाहीर होत नाही. आधी डीपीवरचा दोघींचा फोटो जाऊन तिथे मांजर येतं. मग ‘लास्ट सीन’ बंद. यात मेख अशी की स्वतःचं लपवलं की दुसरीचंही दिसेनासं होतं. निळ्या टिकांचंही तेच. मग वर्गाच्या ग्रुपवर साळसूद प्रश्न पडतो, "गणिताचा पेपर कितीचा गे?" टिका बंद असल्या तरी ग्रुपवर कुणी वाचलं ते कळतंच ना! पेपर कितीचा, ते बाईसाहेबांना पाठ असतं.

कारण विचारू नये. कदंब बसमधली खिडकी असते, नाहीतर तिसरी कुणीतरी. बाकावर दोघींनाच जागा, त्याला कोण काय करणार!

त्यात शाळेतला फुगडीचा सराव. बाई जोड्या उंची बघून लावतात, मैत्री बघून नव्हे. हातांची कैची करायची, चवडे जुळवायचे, मागे रेलायचं. रेलायचं दोघींनी सारखंच. एकीने अंग चोरलं की दुसरी तिला घेऊन आडवी होते. आठ दिवस न बोललेल्या मुली बोटांची नुसती टोकं धरतात, ती दुसऱ्या फेऱ्यालाच सुटतात. शेवटी मनगटं धरावी लागतात, घट्ट. तोंडं मात्र दोन दिशांना.

या काळात आईने "मला ती पहिल्यापासूनच आवडायची नाही" हे वाक्य गिळावं. बट्टी झाली की ते शब्दशः तिकडे पोचतं. मग तिची आई बाजारात आपल्याकडे पाठ करून सुंगटं (कोळंबी) निवडत बसते, ती वर्षभर.

मी बारा नेवऱ्या बाजूला काढते, कुणासाठी ते न बोलता. घाईत केल्या की कडेला ओलं बोट फिरवायचं राहतं आणि कढईत तोंड उघडून सारण तेलभर होतं. फुटलेल्या घरात, अखंड डब्यात. संध्याकाळी डबा जागेवर नसतो. आपण काही विचारायचं नाही.

डबा रिकामा परत करायचा नाही, ही रीत तिकडेही आहे. दुसऱ्या दिवशी तो भरून येतो. उघडावा तर आत निम्म्या नेवऱ्या फुटलेल्या. म्हणजे त्या घरीही निरोप शेवटच्या घटकेलाच मिळालेला.