ऑल्टामाँटचे मूक रीळ

अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०२२ साली ऑल्टामाँटच्या मैफलीचे एक हौशी चित्रण सर्वांसाठी खुले केले. जुन्या चित्रफितींच्या प्रेलिंगर संग्रहात सापडलेले हे आठ मिलिमीटरचे चित्रण सुमारे २६ मिनिटांचे आहे; ते रंगीत आहे, पण त्याला आवाज नाही. त्यावर कोणीही गाणी चढवू नयेत, असे माझे ठाम मत आहे.

६ डिसेंबर १९६९ रोजी उत्तर कॅलिफोर्नियातील ऑल्टामाँट स्पीडवेवर रोलिंग स्टोन्स या ब्रिटिश रॉक बँडची ही विनामूल्य मैफल झाली. जागा अगदी ऐन वेळी बदलली, त्यामुळे दुसऱ्या ठिकाणासाठी आखलेला जेमतेम मीटरभर उंचीचा रंगमंच इथे उताराच्या पायथ्याशी उभारला गेला. अंदाजे तीन लाखांची गर्दी मागून रेटत होती आणि रंगमंचाशी तिला थोपवायला होती हेल्स एंजल्स ही मोटारसायकलस्वारांची टोळी, जिला मोबदल्यादाखल बिअर मिळाली होती. जेफर्सन एअरप्लेन या बँडचे गायक मार्टी बालिन यांना तर कार्यक्रम चालू असतानाच मारहाण करून बेशुद्ध पाडण्यात आले. रात्री स्टोन्स गात असताना १८ वर्षांच्या मेरेडिथ हंटर या कृष्णवर्णीय तरुणाला भोसकून मारण्यात आले. त्याने पिस्तूल बाहेर काढल्याचे माहितीपटासाठी झालेल्या चित्रणात दिसत होते आणि आरोपी असलेल्या हेल्स एंजल्सच्या सदस्याची १९७१ साली स्वसंरक्षणाच्या मुद्द्यावर निर्दोष सुटका झाली.

तो प्रसंग १९७० च्या प्रसिद्ध माहितीपटात आहे, आणि तेव्हापासून तो सबंध दिवस आपण त्या हत्येकडे डोळे लावूनच पाहत आलो आहोत. नव्याने मिळालेल्या रिळात हत्या नाही, म्हणून ते कमी मोलाचे ठरवणे मला मुळीच पटत नाही. माहितीपटात न आलेले क्रॉस्बी, स्टिल्स, नॅश आणि यंग या बँडचे कलावंत इथे गाताना दिसतात. कॅमेरा धरणाऱ्याला रात्री काय घडणार याची कल्पना नव्हती, त्यामुळे त्याची नजर जिथे कुतूहल वाटेल तिथे वळते. रंगमंच इतका बुटका आणि माणसांनी इतका वेढलेला आहे की कलावंत कुठे संपतात आणि प्रेक्षक कुठे सुरू होतात, हे चटकन कळत नाही. मैफलीचे नियोजन कुठे फसले, हे समजून घ्यायला मला हा पुरावा कुठल्याही आठवणीपेक्षा अधिक विश्वासार्ह वाटतो, आणि गाणे वाजू लागले की आपले लक्ष नेमके त्याच्यावरून उडते.