निलंबन शिक्षा नाही, मग पगार अर्धा का?

विधिमंडळात लक्षवेधीला उत्तर देताना मंत्री ‘संबंधित अधिकाऱ्याला आजच निलंबित करतो’ म्हणतात आणि बाकं वाजतात. पुढे तोच आदेश मॅटमध्ये, म्हणजे सरकारी कर्मचाऱ्यांचे दावे ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात गेला की सरकारी वकील सांगतात, निलंबन ही शिक्षा नव्हेच, ती प्रशासकीय तजवीज आहे, न्यायालयाने त्यात पडू नये. आदेश रद्द झाला तर ‘कोर्टं भ्रष्टाचाऱ्यांना पाठीशी घालतात’ ही ओरड ठरलेली. इंग्लंडमध्ये बसून मराठी बातम्या वाचताना हा वाद मला चुकीच्या टोकाने धरलेला वाटतो.

माझा मामेभाऊ महसूल खात्यात अव्वल कारकून. जमिनीच्या नोंदीतल्या एका फेरफाराच्या तक्रारीवरून निलंबित झाला. आदेशात निलंबन काळातलं मुख्यालय दिलं होतं जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाचं तहसील कार्यालय. परवानगीशिवाय ते सोडायचं नाही. तिथे करायला काम काहीच नाही, पण खोली भाड्याने घ्यावीच लागली. दर महिन्याला ‘मी अन्य कोठेही नोकरी वा धंदा करीत नाही’ असं प्रमाणपत्र लिहून द्यायचं, मग निर्वाह भत्ता निघायचा. महाराष्ट्र नागरी सेवेच्या १९८१च्या नियमांप्रमाणे पहिले तीन महिने हा भत्ता साधारण अर्ध्या पगाराएवढा. पुढे दिरंगाई कर्मचाऱ्यामुळे नसेल तर तो दीडपट करता येतो, म्हणजे पाऊण पगार. करता येतो, पण त्यासाठी फाईल हलावी लागते.

या भत्त्याचा इतिहासही मासलेवाईक आहे. फौजदारी गुन्ह्यात दोषी ठरलेल्या, पण अपील चालू असलेल्या निलंबित कर्मचाऱ्याला महिना एक रुपया, अशी तरतूद जुन्या मुंबई नागरी सेवा नियमांत होती. सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली ती घटनाबाह्य ठरवली. त्या एका रुपयासाठी महाराष्ट्र सरकार थेट दिल्लीपर्यंत भांडलं होतं!

मग २०१५चा निलंबित अधिकारी अजयकुमार चौधरींचा खटला. तीन महिन्यांत दोषारोपपत्र, म्हणजे आरोप काय ते लेखी, दिलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं. गंमत अशी, की खुद्द चौधरींना तोवर दोषारोपपत्र मिळालेलं असल्याने त्या निर्देशाचा त्यांना उपयोग झाला नाही. महाराष्ट्राने ९ जुलै २०१९च्या शासन निर्णयाने ही मुदत स्वीकारली. पण नव्वद दिवसांचं बंधन दोषारोपपत्राला आहे, विभागीय चौकशी संपवायला नाही. एकोणनव्वदाव्या दिवशी घाईघाईत दोषारोपपत्र बजावा, पुढे निलंबनाचा आढावा घेणारी समिती बसेल तेव्हा बसेल. न्यायालय तारखा मोजू शकतं, चौकशी अधिकाऱ्याला खुर्चीत बसवू शकत नाही.

इथे इंग्लंडात मी एका कौन्सिलच्या, म्हणजे स्थानिक स्वराज्य संस्थेच्या, गृहनिर्माण विभागात आहे. आमच्यातला एक जण निलंबित झाला, तेव्हा पगार पुरता चालू राहिला आणि चौकशी कुठवर आली हे कळवायला एक माणूस नेमून दिला गेला. अर्थात इथेही सगळं आलबेल नाही. लंडनमधल्या लॅम्बेथ कौन्सिलच्या एका शिक्षिकेचं निलंबन उच्च न्यायालयाने २०१७ साली उतावळेपणाचं ठरवलं. २०१९ साली अपील न्यायालयाने निकाल फिरवला आणि म्हटलं, निलंबन ‘तटस्थ’, म्हणजे शिक्षा नसलेली कृती, आहे की नाही हा काथ्याकूट सोडा, त्याला वाजवी आणि योग्य कारण होतं का एवढंच पाहा. शिवाय पूर्ण पगार देऊनही माणसं महिनोन् महिने घरी बसलेली असतात आणि करदाते कुरकुरतात. पण ती कुरकुर कौन्सिलच्या नावाने होते, माणसाच्या नावाने नाही. मला हवाय तो हा फरक.

माझं म्हणणं एवढंच, की पगार अर्धा आणि मुदत बेमुदत असेल तर ती शिक्षाच झाली, आणि शिक्षा म्हटली की न्यायालय हात घालणारच. सरकारला न्यायालय नको असेल तर पूर्ण पगार द्यावा, म्हणजे चौकशी लांबल्याची झळ निलंबित करणाऱ्या खात्याच्या अंदाजपत्रकाला लागेल.

गावी हे बोललो की लगेच प्रश्न येतो: लाच घेताना रंगेहाथ पकडलेल्यालाही घरबसल्या पूर्ण पगार? आज चौकशी रखडली की त्यालाही घरबसल्या पाऊण पगार मिळू शकतो. म्हणजे आपलं भांडण उरलेल्या पाव पगाराचं आहे. त्याला चार महिन्यांत चौकशी संपवून बडतर्फ करा, त्यापुढे एकही रुपया द्यावा लागणार नाही.