एका गुणाच्या पराभवापलीकडे

आयोवा प्री-फ्लाइट सीहॉक्स या अमेरिकन फुटबॉल संघावरचा लेख वाचला. संघाच्या १९४३ च्या हंगामाचं सार नोत्र दाम विद्यापीठाविरुद्धच्या १४-१३ अशा पराभवात आहे, हे त्यातलं विधान मला अजिबात पटलं नाही. नौदलाच्या वैमानिक प्रशिक्षण तळावरचा हा संघ. दहापैकी नऊ सामने जिंकून देशात दुसरा आला, हे मोठंच. पण त्या तळावर त्याहून मोठी गोष्ट घडली आणि लेखात तिच्यावर एक ओळही नाही. प्रशिक्षक डॉन फोरो यांनी मिझुरी विद्यापीठात 'स्प्लिट-टी' ही आक्रमणाची पद्धत घडवली होती. तिच्यात क्वार्टरबॅक, म्हणजे आक्रमणाची सूत्रं हाती असलेला खेळाडू, दोन्ही संघ समोरासमोर उभे राहतात त्या रेषेला समांतर सरकतो आणि समोरचा बचावपटू काय करतो ते पाहून चेंडू देतो किंवा स्वतः घेऊन पळतो. ही पद्धत त्या हंगामात फोरोंच्या हाताखालचे सहायक प्रशिक्षक बड विल्किन्सन आणि जिम टेटम यांनी आत्मसात केली.

दुसरं महायुद्ध नसतं तर वेगवेगळ्या विद्यापीठांची ही माणसं एका मैदानावर आलीच नसती. पुढे विल्किन्सन प्रशिक्षक असलेल्या ओक्लाहोमा विद्यापीठाने सलग ४७ सामने जिंकले, टेटमचं मेरिलँड विद्यापीठ १९५३ मध्ये राष्ट्रीय विजेतं ठरलं. आणि फोरो? १९५६ पर्यंत मिझुरीत होते, पण विल्किन्सनच्या संघाला एकदाही हरवू शकले नाहीत. मी शाळेत कबड्डी शिकवतो. आपणच शिकवलेली पकड समोरच्या संघाकडून आपल्या चढाईपटूवर पडताना पाहिली आहे. वाईट वाटतं आणि ऊरही भरून येतो. फोरोंचं हे देणं लेखात यायलाच हवं होतं.