शिपाई? कुठल्या हापिसात?

माझ्या लग्नाच्या बोलणीत पहिली माशी शिंकली ती पत्रिकेवरून नव्हे, एका शब्दावरून. बायोडाटात 'नोकरी'च्या पुढे मी छाती फुगवून लिहिलं होतं : शिपाई, भारतीय सेना. मुलीच्या मामांनी चष्मा कपाळावर चढवला, स्वल्पविरामापर्यंत वाचलं आणि कागद खाली ठेवला.

"शिपाई? कुठल्या हापिसात?"

"हापिसात नाही मामा, बॉर्डरवर."

"बॉर्डरवर हापीस असंलच की," मामा म्हणाले. हे नाकारता येण्यासारखं नव्हतं. "साहेब लोकांचं चहापाणी बघावं लागत असंल तुम्हाला?"

मी गप्प बसलो. कारण सुट्टीवर निघायच्या आदल्याच दिवशी मी एका कॉन्फरन्सला चहाची किटली वाहून नेली होती, आणि खोटं बोलायची मला सवय नाही.

मग मी नामदेव जाधवांचं नाव काढलं. म्हटलं, मामा, 1945 साली इटलीत सेनिओ नदीवर व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे तेव्हाचं सर्वांत मोठं शौर्यपदक, मिळवला तेव्हा नामदेव जाधव शिपाईच होते. मामांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग पुढं बढती दिली का न्हाई त्यांना?"

लग्न ठरलं ते मुलगी आतून म्हणाली म्हणून. शिपाई तर शिपाई, मिशा बऱ्या आहेत, असं काहीतरी. पण त्या दिवशी मी मनाशी ठरवलं, आपल्याला बढती घेऊन नाईक व्हायचं. देशासाठी नंतर बघू, आधी मामांसाठी.

खरं तर शब्दांची ही भानगड फौजेला ठाऊक नाही असं नाही. आजच्या नायब सुभेदाराला 1965 पर्यंत 'जमादार' म्हणत. आता उत्तरेकडे निम्म्या गावांत जमादार म्हणजे झाडूवाला. तो शब्द बदलला. शिपायाकडे मात्र कुणाचं लक्ष गेलं नाही. बहुधा त्या फाईलवर बसलेल्या साहेबाला मराठी सासुरवाडी नसावी.

सिव्हिलमधल्या लोकांना वाटतं, फौजेत बढती म्हणजे शत्रूचा बंकर उडवला की संध्याकाळी मिळते. तसं असतं तर बरं झालं असतं. बंकर एकदाच उडवावा लागतो. शिपायाचा नाईक व्हायला आधी जागा लागते, जागेसाठी वरचा कुणीतरी वर सरकावा लागतो किंवा पेन्शनला जावा लागतो, आणि मग आपल्या पुढे सीनियॉरिटीत उभे असलेले सगळे एकतर पास व्हावे लागतात नाहीतर नापास. कुठलंही चालतं, पण काहीतरी एक झालं पाहिजे. आमच्या बॅरकमध्ये अशी पोरं होती ज्यांना स्वतःच्या लग्नाची तारीख आठवत नसे, पण कंपनीतला कुठला हवालदार कुठल्या महिन्याच्या शेवटच्या तारखेला घरी जाणार, हे तोंडपाठ असे. एखादा हवालदार खोकला की आम्ही गरम पाणी घेऊन धावायचो. तो पेन्शनपर्यंत धड पोचावा, एवढीच आमची इच्छा.

मला पहिली फीत मिळाली ती लान्स नाईकची, म्हणजे शिपाई आणि नाईक यांच्यामधली. दंडावर एक व्ही. फक्त त्याच्यामागे एक बारीक शब्द होता : अनपेड. म्हणजे काम लान्स नाईकचं, शिव्या लान्स नाईकच्या, पगार शिपायाचा. फटीगला, म्हणजे हमालीच्या कामाला, पोरं कमी पडली की "ए लान्स नाईक!" आणि पगाराच्या दिवशी "ए शिंदे!" शिवाय ही फीत सीओ साहेबांच्या, म्हणजे पलटणीच्या मुख्य अधिकाऱ्याच्या, मर्जीची. लागली तशी उतरूही शकते. मी ती इतकी जपली की अंगावरचा शर्ट धुताना दंड बादलीबाहेर ठेवायचो.

पुढे माझी आठ वर्षं भरली आणि एमएसीपी लागू झालं. ही योजना अशी की 8, 16 आणि 24 वर्षांच्या टप्प्यावर जवानाला बढती मिळाली नसेल तर निदान वरच्या हुद्द्याचा पगार तरी मिळावा. पगार वाढला, आनंद झाला, पण दंडावर काही आलं नाही. म्हणजे आधी फीत होती आणि तिचा पगार नव्हता. आता नाईकचा पगार होता आणि नाईकची फीत नव्हती. माझे हुद्दे आणि माझे पैसे एकाच गाडीनं प्रवास करायचेच नाहीत. मामांना हे फोनवर समजावून सांगितलं. ते म्हणाले, "म्हंजे शिपाईच की."

शेवटी 2010 साली प्रमोशन कॅडरला नाव लागलं.

कॅडर म्हणजे काही आठवड्यांची शाळा, जिथे अठ्ठावीस वर्षांचा, एका मुलीचा बाप असलेला माणूस पुन्हा पहाटे ओरडा खाऊन उठतो. शिकवणाऱ्याला 'उस्ताद' म्हणायचं. आमचे उस्ताद हरयाणाचे, आवाज असा की वाऱ्याची दिशा बदलावी. पहिल्याच दिवशी त्यांनी सांगितलं, "हुकुम मानना सबको आता है. अब हुकुम देना सीखो." हे वाटतं तितकं सोपं नाही. आठ-नऊ वर्षं 'जी साब' म्हटलेल्या घशातून दुसरं काही लवकर निघत नाही.

पळण्याबिळण्याचं मी फार सांगत नाही. तेव्हाच्या बीपीईटीत, म्हणजे फौजेच्या शारीरिक चाचणीत, पाठीवर बोजा, हातात रायफल, पाच किलोमीटर, आणि 25 मिनिटांत आलात तर 'एक्सलंट' मिळायचं. तिशी ओलांडली की वेळेत सवलत मिळायची, त्यामुळे तिसऱ्या किलोमीटरला मला पहिल्यांदा म्हातारं व्हावंसं वाटलं. दोर चढलो, खड्डा ओलांडला, गोळ्याही बऱ्या लागल्या. मेडिकलला 'शेप वन' आलं. शेप हा इंग्रजी शब्द पाच अक्षरांचा आणि प्रत्येक अक्षराला तब्येतीची एकेक बाजू; त्यातलं पहिलं अक्षर डोक्यासाठी, म्हणजे मनःस्थितीसाठी. एका फितीसाठी नऊ वर्षं झुरलेल्या माणसाला त्यात एक नंबर देतात, हा फौजेचा मोठेपणा.

माझं खरं घोडं अडलं ते शिकवण्याच्या पेपरात. नाईक झालात की रंगरूटांना शिकवावं लागणार, म्हणून उस्तादांसमोर उभं राहून धडा घ्यायचा. धडा घ्यायची फौजेची एक पद्धत आहे आणि तिच्यात तसूभर फरक चालत नाही. आधी 'शुरू-शुरू का काम' : क्लासची गिनती, हत्यारांचं निरीक्षण, बंदोबस्ताची कारवाई. मग 'दोहराई'. मग 'पहुँच'. मग 'उद्देश्य'. मग 'सामान'. मग 'भागों में बाँट'. एवढं झालं की धडा सुरू होतो, आणि बहुतेकदा तेवढ्यात वेळ संपते.

माझा विषय होता रायफलची सफाई. मी थेट चिंधी आणि पुलथ्रू, म्हणजे नळी पुसायची दोरी, उचलून नळीत घालायला लागलो. उस्तादांनी हात वर केला.

"शिंदे, पहुँच कहाँ है?"

मी इकडेतिकडे बघितलं. मला वाटलं पहुँच नावाचं एखादं सामान कोतमधून, म्हणजे हत्यारखान्यातून, आणायचं राहिलं.

आमच्याकडे पोच नसणं म्हणजे चारचौघांत कसं वागावं हे न कळणं. तिथे पहुँच म्हणजे हा धडा का शिकायचा याची प्रस्तावना. दोन्ही अर्थांनी माझ्याकडे ती नव्हती. त्या रात्री मी बॅरकमागे एका झाडाला रायफलची सफाई शिकवली. दुसऱ्या रात्री पुन्हा शिकवली. तिसऱ्या रात्रीपर्यंत ते झाड नाईक व्हायच्या लायकीचं झालं होतं.

या सरावाचा एक तोटा झाला. कॅडर लांबल्यामुळे ठरलेली सुट्टी हुकणार, हे सांगायला बायकोला फोन केला आणि तोंडातून आपोआप निघालं, "उद्देश्य : सुट्टी पुढे गेल्याचं कळवणं. भागों में बाँट : भाग एक, कारण. भाग दोन, माफी."

पलीकडे क्षणभर शांतता.

"भाग तीन माझ्याकडून ऐका," ती म्हणाली. तो भाग सर्वांत मोठा निघाला.

नकाशावाचनात आणखी एक धक्का बसला. लहानपणापासून मला एकच उत्तर दिशा माहीत होती. फौजेनं सांगितलं, तीन आहेत. एक खरी उत्तर, एक होकायंत्राची उत्तर आणि एक नकाशावरच्या चौकटींची उत्तर. तिन्ही एकमेकींपासून जराजरा सरकलेल्या, आणि एकीचा कोन दुसरीत बदलताना बेरीज करायची की वजाबाकी, यावर आख्खं सेक्शन डोंगराच्या भलत्याच बाजूला उतरू शकतं. आम्ही उतरलो. तिथे एक मेंढपाळ भेटला. त्याला एकच उत्तर माहीत होती आणि त्यानं आम्हाला वीस मिनिटांत कॅम्पात आणून सोडलं. हे अर्थातच मी पेपरात लिहिलं नाही.

आता ड्रिल. वीस जणांचा स्क्वॉड हुकुमावर चालवायचा. आमचं कॅडर मिश्र होतं, निम्मी पोरं मराठी, निम्मी उत्तरेची. मैदानाच्या एका टोकाला झेंडूचा वाफा होता, कडेला गेरू-चुन्यानं रंगवलेल्या विटा. फौजेत स्थिर असलेल्या प्रत्येक वस्तूला गेरू-चुना लागतो, आणि हा वाफा तर सुभेदार मेजर साहेबांचा. मी "तेज चल" म्हणालो. उत्तम निघाला आवाज. मिनिटाला एकशे वीस पावलं, वीस जोडी बूट, एकच ठेका. ते ऐकताना मला इतकं बरं वाटलं की ते कुठे चाललेत हे बघायचं राहून गेलं. पाहिलं तर झेंडू दहा पावलांवर. 'पीछे मुड' म्हणायचं होतं. शब्द आठवेना. 'थम' म्हटलं असतं तरी चाललं असतं. तोही आठवेना. झेंडू चार पावलांवर आला आणि माझ्या तोंडून शेतातला आवाज निघाला :

"अरे थांबा की!"

मराठी पोरं जागच्या जागी थांबली. बाकीच्यांना मराठी येत नव्हतं. ती शिस्तीत, हात खांद्यापर्यंत उचलत, झेंडूतून पार पलीकडे निघून गेली.

उस्ताद बराच वेळ काही बोलले नाहीत. मग वहीत काहीतरी लिहीत म्हणाले, "आधा स्क्वॉड थम किया है. आधे नंबर."

त्या अर्ध्या नंबरांवर मी पास झालो. वाफा मात्र पुढचे दोन रविवार मीच पुन्हा लावला.

पास झालो म्हणजे फीत मिळाली असं नव्हे. फौजेत कुठलीही गोष्ट पार्ट टू ऑर्डरमध्ये, म्हणजे जवानांच्या नोंदींच्या हुकुमात, छापून येईपर्यंत घडलेलीच नसते. माझी मुलगी रांगायला लागली तरी कागदोपत्री जन्मायची होती. आता माझी पाळी. रोज क्लार्कच्या टेबलापाशी जाऊन उभा राहायचो. तो मान वर न करता म्हणायचा, "बनेगा, बनेगा." त्यात मधल्या काळात सुट्टीवरून यायला माझी गाडी चुकली. एक दिवस उशीर. शीट रोलवर, म्हणजे नोकरीच्या नोंदींच्या कागदावर, लाल शाईची एक ओळ पडली की बढती किती लांब जाते, हे मी इतरांच्या बाबतीत पाहिलं होतं. कंपनी कमांडर साहेबांपुढे मार्चअप होऊन उभा राहिलो तेव्हा माझं सगळं लक्ष त्यांच्या पेनाकडे. निळं होतं. तोंडी दम मिळाला. इतका गोड दम मी आजवर खाल्लेला नाही.

अखेर एके सकाळी सीओ साहेब आणि सुभेदार मेजर साहेबांनी मिळून दंडावर दोन फिती लावल्या. सुभेदार मेजर साहेब फीत दाबून बसवता बसवता हळूच म्हणाले, "झेंडू अच्छा आया है इस बार."

सुट्टी मिळाल्यावर वर्दीची इस्त्री मोडू नये म्हणून रेल्वेत रात्रभर बसून आलो. आईनं दृष्ट काढली, मग फितींवरून बोट फिरवलं. "बढती ना रे ही? मग टोक खाली कसं?" याचं उत्तर कॅडरमध्येही शिकवलेलं नव्हतं.

संध्याकाळी सासुरवाडीला गेलो. मामा ओसरीवरच होते.

"मामा, नाईक झालो."

"म्हंजे?" मामांनी चष्मा वर केला. "आडनाव बदाललं?"

मी त्यांना शिवाजी महाराजांचं पायदळ सांगितलं. नऊ-दहा पायकांवर एक नाईक, पाच नाईकांवर एक हवालदार, दोन-तीन हवालदारांवर एक जुमलेदार. साडेतीनशे वर्षांपूर्वीचा हुद्दा आहे हा मामा, आपल्याच मातीतला. मामांना पटलं. महाराजांचं नाव निघाल्यावर न पटून सांगतात कुणाला. पण महिन्याभरानं मेहुण्याच्या लग्नाची पत्रिका छापून आली, त्यात मामांच्या देखरेखीखाली आमचं नाव होतं : श्री. व सौ. नाईक. बायकोनं ती पत्रिका अजून जपून ठेवली आहे. भांडण झालं की काढते.

त्या लग्नातच पंगतीत मामांनी विचारलं, "मग जावईबापू, नाईकच्या फुडं काय?"

"हवालदार," मी म्हटलं. "पुन्हा कॅडर, पुन्हा परीक्षा. तीन फिती."

मामांचा घास हातात थांबला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्यांनी माझ्याकडे आदरानं पाहिलं. मग शेजारच्या पाहुण्याला कोपरानं ढोसत ते म्हणाले, "ऐकलंत का? जावई हवालदार हुनार. आता हेल्मेटबिल्मेट काय घालत न्हाई बघा मी!"