फिनलंडचं उदाहरण देताय, तर पूर्ण द्या

आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर अधूनमधून फिनलंड उगवतोच. सीमेवर काही घडलं, की पुण्याचा माझा थोरला भाऊ तोच मजकूर पुढे ढकलतो. ५६ लाखांचा देश, शेजारी रशिया, तरी वाकड्या नजरेनं बघायची कुणाची हिंमत नाही, कारण तिथं प्रत्येक मुलाला सैन्यात जावंच लागतं. आपल्याकडेही सक्ती करा, पोरं आपोआप वळणावर येतील! त्यावर मामांचा अंगठा, मावशीचे जोडलेले हात, आणि शेवटी हेलसिंकीत राहणाऱ्या मला दादाचा टोमणा: 'आमच्या हेलसिंकीच्या वार्ताहर काय म्हणतात?'

वार्ताहर म्हणतात, दादा, तू अर्धंच सांगतोयस.

३० नोव्हेंबर १९३९ ला सोव्हिएत फौजा फिनलंडमध्ये घुसल्या. बर्फातल्या त्या १०५ दिवसांत फिनिश सैनिकांनी जे केलं त्याला तोड नाही, कबूल. पण मार्च १९४० मध्ये तह झाला तेव्हा देशाचा साधारण दहावा हिस्सा गेला होता, व्हिपुरीसारखं नांदतं शहर गेलं होतं, आणि कारेलिया या गेलेल्या मुलखातली चार लाखांवर माणसं बोचकी बांधून पश्चिमेकडे निघाली होती. गेलेला मुलूख परत मिळवायला १९४१ मध्ये फिनलंड हिटलरच्या जर्मनीच्या जोडीनं लढाईत उतरला. तो डाग अजून धुतला गेलेला नाही. १९४४ मध्ये पुन्हा हार, मग ३० कोटी डॉलरची भरपाई. जहाजं आणि यंत्रं बनवून ती १९५२ पर्यंत पै न पै चुकती केली. पुढची चार दशकं मॉस्कोची मर्जी राखण्यात गेली. वर्तमानपत्रंसुद्धा हात राखून लिहीत. हा देश जिंकला नाही रे, टिकला. इथले म्हातारे हा फरक कधी विसरत नाहीत, आणि तुझ्या मजकुरात नेमका तोच गळालेला असतो.

सक्तीचं म्हणशील तर तो सरळ हिशेब आहे. रशियाशी १३४० किलोमीटरची सीमा, आणि सैन्यात पगारी माणसं जेमतेम बारा-तेरा हजार. युद्धाच्या वेळी मात्र २ लाख ८० हजारांचं बळ उभं करायचं. मग घराघरातून माणूस घेण्यावाचून गत्यंतर नाही. दरवर्षी वीस हजारांच्या वर मुलं (आणि १९९५ पासून स्वेच्छेनं येणाऱ्या मुली) तयार होतात आणि आपापल्या कामाला परत जातात. भारताकडे उभं सैन्यच १२ लाखांच्या पुढे आहे, भरतीला पोरांची रीघ लागते, आणि वर्षाला अठरा पूर्ण करणारी मुलंच एक कोटीहून जास्त. एवढ्यांना बूट तरी कुठून पुरवणार? वळण लावण्याचं म्हणशील, तर सौनात (इथल्या वाफेच्या न्हाणीत) बसून 'सैन्यात गेल्याशिवाय पोरगा माणसात येत नाही' म्हणणारे काका इथंही आहेत. सरकार त्यासाठी सैन्य चालवत नाही, एवढंच.

आमच्या मुलानं फिनिश नागरिकत्व घेतलं आणि भारताचं सुटलं. अठराव्या वर्षी त्यालाही बोलावणं आलं. १६५, २५५ किंवा ३४७ दिवसांची सैनिकी सेवा. हत्यार नको असेल तर ३४७ दिवस शाळा-इस्पितळासारख्या ठिकाणी नागरी सेवा. दोन्ही नाकारलं तर शिक्षा. त्यानं सैन्य निवडलं. मिरजेहून आईचा फोन, 'अगं, त्याला खरी बंदूक देणार का?' देणार, म्हटलं. जरा थांबून दुसरा प्रश्न, 'आणि जेवायला?' दर गुरुवारी वाटाण्याचं सूप, शाकाहारीही मिळतं, हे ऐकल्यावर ती सावरली.

काही आठवड्यांनी शपथविधीला आम्हाला बोलावलं. माझ्या एका बाजूला बसचालक बाई, दुसऱ्या बाजूला एका कंपनीचे मोठे साहेब. दोघांची मुलं एकाच खोलीत. मी कान टवकारून बसले होते, आता रशियाचं काहीतरी निघेल. निघालं काय, तर ओले मोजे. कुठल्या दुकानातले लोकरीचे मोजे टिकतात यावर दोघं पंधरा मिनिटं बोलत होते. सरावात समोरच्या फौजेचं नाव काय असतं, हे मी मुलाला विचारलं. म्हणाला, 'पिवळे.' देशाचं नाव कुणी घेत नाही.

दादा, माझं म्हणणं या मोज्यांपाशी आहे. इथं युद्धाबद्दल आवाज चढत नाही, कारण बोलणाऱ्याचा स्वतःचा मुलगा, भाऊ किंवा नवरा राखीव दलाच्या यादीत असतो. नाटोत जायचा ठराव मे २०२२ मध्ये १८८ विरुद्ध ८ मतांनी झाला, पण रस्त्यावर ढोल वाजले नाहीत. आपल्याकडे सैन्यात जाणारी घरं वेगळी आणि ग्रुपवर युद्ध पुकारणारी घरं वेगळी. साताऱ्याच्या अपशिंग्याला पिढ्यान्‌पिढ्या वर्दी घालतात. सांगली-कोल्हापूरकडे पहाटे डांबरी रस्त्यावर भरतीसाठी पळणारी पोरं तूही पाहिलीस. त्यांच्यावर सक्ती करायची गरज नाही. सक्ती खरोखर आली, तर ती कोथरूडच्या आपल्या तिसऱ्या मजल्यावर येईल. तेव्हाही तू हाच मजकूर पाठवशील का, हे मला माहीत करून घ्यायचंय.

आणि हे सगळं गोडच आहे असंही नाही. माझ्या ऑफिसातली एक मैत्रीण रशियन बोलणारी, तिची आई पीटर्सबर्गला. डिसेंबर २०२३ मध्ये पूर्वेची, रशियाकडची सगळी नाकी प्रवाशांसाठी बंद झाली. पूर्वी आगगाडीनं साडेतीन तासांत आईकडे पोचणारी ही बाई आता एस्टोनियातल्या नार्वा गावी जाऊन तिथल्या सीमानाक्यावर रांगेत उभी राहते. भूसुरुंगांवर बंदी घालणाऱ्या करारातून बाहेर पडायला इथल्या संसदेनं २०२५ मध्ये मंजुरी दिली. कारणं मला समजतात, मन मानत नाही. शिवाय फिनलंडची गोष्ट वाचताना आपण नेहमी धाकट्याच्या जागी जाऊन बसतो. काठमांडूत ती वाचली, तर थोरला शेजारी कोण?

घ्यायचंच असेल तर आमच्या इमारतीचं तळघर घे, हल्ला झाला तर तोच आमचा आसरा. दार पोलादी आणि इतकं जड, की मी खांदा लावते तेव्हा कुठे हलतं. आत हातानं फिरवायचं हवा खेचण्याचं यंत्र आणि दुमडून ठेवलेले कोरडे संडास. एरवी तिथं सगळ्यांच्या जाळीच्या कोठड्या; आमच्या कोठडीत बर्फावर घसरायच्या पट्ट्या (स्की), सुटकेसी आणि दिवाळीचा आकाशकंदील. हुकूम आला की ७२ तासांत सगळं रिकामं करून आसरा तयार झाला पाहिजे. ठरावीक मोठ्या इमारतींना हे कायद्यानं बंधनकारक आहे. देशभर असे पन्नास हजारांवर आसरे, सुमारे ४८ लाख माणसांची सोय. दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी दुपारी बाराला भोंगा वाजवून बघतात. आणि घराघरात तीन दिवसांचं पाणी, शिधा, बॅटरी ठेवा, असं सरकार सांगतं. वीज गेली, वादळ आलं, तरी तेच उपयोगी पडतं.

१९७१ मध्ये मुंबईत खिडक्यांना काळे कागद लावले होते, हे बाबा सांगायचे. मे २०२५ मध्ये महाराष्ट्रातही सरावाचे भोंगे वाजले, दुसऱ्या दिवशी त्यावर विनोद फिरले आणि विषय मिटला. २०१९ च्या पुरात सांगली बुडाली तेव्हा कुणाकडे होडी आहे, कुणाला पोहता येतं, याची गल्लीची यादी कुठे होती?

इथं सेवा संपवून घरी आलेल्या मुलाची नोंद पुसत नाहीत. अधूनमधून सरावाला बोलावतात, मालकाला रजा द्यावी लागते. आपल्या लष्करातल्या अग्निवीरांची पहिली तुकडी २०२३ च्या सुरुवातीला प्रशिक्षणाला गेली. चार वर्षं झाली की त्यातले पंचवीस टक्क्यांपर्यंत सैन्यात राहतील, बाकीचे गावी येतील. त्यांच्याबद्दलची आपली सगळी चर्चा नोकरी कुठे मिळेल याचीच, आणि ती व्हायलाच हवी. पण या शिकल्या-सवरल्या पोरांना तालुक्याच्या नागरी संरक्षण दलात मानधनावर घ्या, होड्या, पंप, वायरलेस त्यांच्या ताब्यात द्या, वर्षातून दोनदा सराव घ्या, यासाठी पलूसच्या किंवा शिरोळच्या तहसीलदाराला कुणी निवेदन दिल्याचं माझ्या ऐकण्यात नाही. सक्तीचा कायदा करायला दिल्ली लागते. या निवेदनाला दहा सह्या पुरतात, आणि मामा-मावशी धरून आपल्या ग्रुपवरच बावीस माणसं आहेत.